साडेचार मीटरची फळी

नाही हो ताई, झालंय काम — म्हणजे कापून झालंय — तुम्ही बसा तरी आधी, ते स्टूल नको, डुगडुगतं, सुताराच्याच घरचं ते, काय बोलायचं! फळी ना, दाखवते की. हे? आत हात धुताहेत. अर्धांगाचा झटका येऊन गेला ते ठाऊकच आहे तुम्हाला — हात सुधारला, पाय जरा ओढतात — पण डोक्यातला भागाकार गेला हो. जो माणूस फळीकडे नुसतं बघून कप्पे किती निघतील सांगायचा, तो टेप हातात धरून लहान मुलासारखा माझ्या तोंडाकडे बघायला लागला. डॉक्टर म्हणाले, रोज गणितं घाला, रोजच्या वापरातली घाला. मी कुठली घालणार? माझं घोडं शाळेत दशांशापाशीच अडलेलं! मग लेकीच्या पुस्तकातून आधी मी शिकले — दोन्ही आकड्यांतलं दशांशचिन्ह सारखीच घरं उजवीकडे सरकवायचं, मग साधा भागाकार — आणि ह्यांना विचारायला लागले. बाटलीत दीड लिटर पाणी, पेल्यात पाव लिटर मावतं, तर पेले किती? म्हणाले, साठ. साठ, ताई! आणि स्वतःलाच कळलं चुकलंय, तर भिंतीकडे तोंड करून बसले.

अहो सांगतेय ना, फळीचंच सांगतेय. तुमच्या वडिलांनी जपलेली, तसलं लाकूड आता डोळ्यांनाही दिसत नाही — माहितीये मला. तुमचं हे इथं आणून ठेवलेलं कपाट आतून शून्य पूर्णांक नऊ मीटर रुंद, फळी साडेचार — पाच कप्पे, बरोबर? काल तेच विचारलं, ह्यांचं घोडं पुढं जाईना. म्हणून आज सकाळी, त्याच फळीवर हात ठेवून, मी आकडा बदलला. म्हटलं, समजा, पाऊण पाऊण मीटरचे तुकडे केले तर? नुसतं समजा म्हटलं हो! हे पुटपुटले — साडेचारशे, पंच्याहत्तर — आणि म्हणाले, सहा. सहा! बरोबर! मी हसले का रडले मलाच कळेना, चहा टाकायला आत पळाले. तेवढ्यात करवतीचा आवाज. किती महिन्यांनी, ताई! मी गॅसपाशी उभी राहून ऐकत राहिले — थांबवायचं सोडून ऐकत राहिले — अगं बाई, हे पुन्हा कामाला लागले, एवढंच मनात. बाहेर आले तर सहा तुकडे, एकाला एक लावून मांडलेले, आणि ह्यांच्या चेहऱ्यावर ते जुनं हसू.

हो. पंधरा सेंटिमीटर कमी. प्रत्येक.

रडू नका ना, ताई. मला बोला, हवं ते बोला, तुमच्या दारात येऊन ऐकून घेईन — ह्यांना नका बोलू. ह्यांचं गणित चुकलं नाही हो, मी घातलेलं चुकलं. एकदाच बरोबर आलंय ह्यांचं, आणि तेच — आले. डोळे पुसा. आले बघा.

अहो, ताई आल्यात, खूश आहेत — तो तुकडा कशाला उचलला? कपाटात बसवून दाखवताय ताईंना? आत्ता नको — अहो, ऐका, नको ना, राहू दे — ताई, तुम्ही निघा. निघा म्हणते ना! अहो —