कडू काकडी आणि सावळाईचं पन्हं

मंडळी, पेटी जरा विसावू द्या. टाळही खाली ठेवा. एक प्रश्न विचारतो, आणि उत्तर लगेच नको.

देवाचा प्रसाद हातावर पडला. डोळे मिटून तोंडात टाकला. आणि लागला कडू! आता काय म्हणाल? प्रसादाला कडू म्हणणं पाप, हे आपल्याला लहानपणापासून ठाऊक. पण कडू असताना गोड म्हणणं — ते काय, पुण्य? मी पोथ्या चाळल्या. सापडलं नाही. कदाचित शोधणाराच कमी पडला असेल. म्हणून एक गोष्ट सांगतो. तीत काही हाती लागलं तर तुमचं भाग्य, नाही लागलं तर माझा दोष.

ऐका. नदीकाठी आंबेसावळी नावाचं गाव. गावाची देवी सावळाई. चैत्रात तिचा उत्सव. ऊन असं, की देवळाच्या फरशीवर पाय टेकला की माणूस आपोआप नाचायला लागतो — भक्ती असो वा नसो! भर दुपारी पालखी निघते, नदीचं वाळवंट तुडवत पलीकडच्या तीरावर जाते. भोई सकाळपासून उपाशी. पालखी उचलण्याआधी देवीला कैरीच्या पन्ह्याचा नैवेद्य, आणि तेच पन्हं प्रसाद म्हणून भोयांना, मग गावाला.

हे पन्हं करायच्या वारूकाकू टेंबे. सासूनंतर त्यांच्याकडे आलेला मान. कैऱ्या उकडायच्या, गर काढायचा, गूळ, मीठ, वेलदोडा — सगळं नजरेनं. चाखायचं नाही! देवीच्या आधी जीभ लावायची नाही, असा सासूबाईंचा दंडक. आणि काकूंचा हात असा, की कधी चुकला नाही. म्हणजे, चुकला असं कुणी सांगितलं नाही. या दोन्हींत फरक आहे बरं का मंडळी! पण तो काकूंना अजून कळायचा होता.

त्या वर्षी गारपीट झाली. कैऱ्या झडल्या. उरल्या त्या मूठभर. काकू त्याच त्याच कैऱ्या पुन्हा मोजत बसल्या — गाव केवढं, पन्हं केवढं!

सून म्हणाली, "आई, काकडीचा रस घालूया का? काकडी किसायची, फडक्यातून पिळायची, पुदिना वाटून घालायचा, जिरं, सैंधव. कैरीचा आंबटपणा असतोच. उन्हाला याच्यासारखं काही नाही."

सुनेचं नाव रेवती. काकूंनी तिच्याकडे असं पाहिलं, जणू तिनं पन्ह्यात कांदा घालायला सांगितलाय!

"देवीला काकडी?"

"फळाबरोबर भाजी प्यायली तर देवीला काय बाधणार आहे, आई?"

काकू हसल्या नाहीत. पण दुसरा मार्गही नव्हता. नदीच्या मळीतून, म्हणजे काठच्या गाळाच्या जमिनीतून, काकड्यांची पाटी आली. हिरव्यागार, कोवळ्या, दिसायला लेकीसारख्या! काकूंनी विळी घेतली. प्रत्येकीचा देठ कापला, चकती चोळली, पांढरा फेस काढला. रेवती शेजारी बसली, आणि एक फोड उचलून तोंडाकडे नेली.

"अगं! काय करतेस?"

"चाखते. यंदा मळीला पाणी कमी पडलंय. एखादी कडू निघाली तर सगळा हंडा जाईल."

"हा देवीचा नैवेद्य आहे. तुझ्या माहेरची कोशिंबीर नव्हे."

"कोशिंबिरीला तर तुम्हीही चाखताच की. रोज!"

बघा मंडळी! घरच्या कोशिंबिरीसाठी काकडी चाखायची, कारण ती आपल्याला खायची असते. आणि देवीला द्यायची ती — न चाखता! कुणाची काळजी जास्त झाली सांगा? पण हे आपण इथे सावलीत बसून म्हणतोय. काकूंच्या कानात सासूबाईंचा आवाज होता. त्या म्हणाल्या, "फोड खाली ठेव. हात धू. आणि उठ इथून."

रेवती उठली. हात धुऊन देवळाच्या खांबाशी जाऊन उभी राहिली.

काकूंनी कैरीचा अर्धा गर गुळासकट वेगळ्या पातेल्यात ठेवला — संध्याकाळी पालखी परतल्यावर लागतो. उरलेला हंड्यात घातला. काकड्या किसल्या, पिळल्या, हिरवट रस ओतला, माठातलं गार पाणी घातलं. वास असा सुटला, की देवळात झोपलेलं मांजरसुद्धा उठून बसलं. वासाला काय होतंय? कडूपणाला वास नसतो, मंडळी!

नैवेद्य दाखवला. घंटा वाजली. पुजारी दामूअण्णा पहिल्या मानाचे. त्यांनी पंचपात्री तोंडाला लावली — आणि डोळ्यांत टचकन पाणी!

काकूंना वाटलं, केवढी ही भक्ती!

"कसं झालंय, अण्णा?"

अण्णांनी घोट गिळला. मोठ्या कष्टानं गिळला. "अमृत! काकू, अमृत!"

मग भोई. पहिला किसनराव मोहिते, खांद्यानं बैलासारखा. गटागट प्यायला, मिशा पुसल्या, म्हणाला, "यंदा येगळंच लागतंय, काकू!"

"वेगळं म्हणजे?"

"म्हंजे... पावर हाय यात!"

मागचा म्हणाला, "पित्ताला लई चांगलं असणार." त्याच्या मागचा म्हणाला, "मधुमेहाला तर त्याहून चांगलं." झालं! प्रसादाचा काढा झाला, तरी एक माणूस खरं बोलेना. गावभर अळीमिळी गुपचिळी!

काकू पळीनं वाढत होत्या. आणि वाढता वाढता त्यांच्या ध्यानात आलं — दर वर्षी भोई दुसऱ्यांदा पेला पुढे करतात. यंदा एकानंही केला नाही. सगळे 'अमृत' म्हणतात आणि पेला पालथा घालतात! अमृत कुणाला एकदाच पुरतं?

त्यांनी ओंजळीत थोडं घेतलं. प्यायल्या.

कडू! असं कडू, की जीभ टाळ्याला चिकटली. पुदिना नाही, गूळ नाही — नुसता कडू जहर.

तेवढ्यात किसनराव पायरीवर टेकलेला दिसला. पोटाशी हात. "काय नाय काकू, उपाशी पोटी जरा..." म्हणाला. आणि याच खांद्यावर पालखी! वाळवंटात, उन्हात, मध्येच पोट पिळवटलं तर? मागे रांग देवळाबाहेर गेलेली. म्हातारी माणसं, आजारी माणसं, सगळे पेले घेऊन उभे.

आता काकूंच्या मनात काय आलं असेल? खरं सांगू? मनात आलं — कुणालाच काही म्हणायचं नाही. सगळे अमृत म्हणाले आहेत. मी गप्प राहिले तर मान राहतो, सासूबाईंचा दंडक राहतो. बोलले तर खांबाला टेकून उभ्या असलेल्या सुनेसमोर नाक कापलं जातं! रेवती बघत होती. एवढंच करत होती.

काकूंनी हंड्यावर झाकण घातलं. "संपलं!"

दामूअण्णा वाकून बघायला लागले. "संपलं? अहो, हंडा तर गळ्यापर्यंत —"

मंडळी, खोटं बोलायलाही सराव लागतो. काकूंना नव्हता. त्यांनी झाकण काढलं. म्हणाल्या, "कडू झालंय. काकडी कडू निघाली. रेवती चाखू म्हणत होती, मी चाखू दिली नाही. कुणी पिऊ नका."

"काकू!" अण्णा दचकले. "नैवेद्य झालाय. आता तो प्रसाद आहे. प्रसादाला कडू म्हणू नये!"

"मग काय म्हणू? तुम्ही अमृत म्हणालात. घ्या आणखी एक पेला!"

अण्णा दोन पावलं मागे सरले. तेवढ्यावरून गावाला सगळं कळलं!

काकूंनी हंडा एकटीनं कलंडवला. धो धो करत पन्हं चाफ्याच्या बुंध्याशी गेलं. "प्रसाद सांडला! प्रसाद सांडला!" — आता मात्र सगळ्यांना कंठ फुटला. कडू पिताना जे गप्प होते, ते सांडताना बोलायला लागले. हे असंच असतं!

"देवीनं घोटभर घेतलाय," काकू म्हणाल्या. "तेवढा माझा गुन्हा तिच्याजवळ. उरलेलं तिच्या लेकरांच्या पोटात नको." आणि खांबाकडे बघून म्हणाल्या, "रेवती, ये. उरलेल्या काकड्या आण. गराचं पातेलं आण. आणि विळी तू घे."

रेवतीनं पाटी आणली. विळीवर बसली. पहिली फोड कापली, आणि तोंडात नाही टाकली. सासूपुढे धरली.

"आई, आधी तुम्ही."

भर देवळात, देवीसमोर, गावासमोर वारूकाकूंनी काकडी चाखली. "गोड." दुसरी. "गोड." तिसरी — "थू! ही कडू!" — भिरकावली ती अंगणापलीकडे. लोक हसले. काकूही हसल्या. मग बायका पुढे सरल्या. कुणी किसलं, कुणी पिळलं, कुणी पुदिना वाटला. किसनरावाला आधी मीठ-साखरेचं पाणी दिलं. पालखीला उशीर झाला. कुणी कुरकुरलं नाही.

पन्हं तयार झालं. काकूंनी एक वाटी भरली, गाभाऱ्याच्या उंबऱ्याशी गेल्या. दामूअण्णा चुळबुळले. "काकू, रागावू नका, पण हे... हे चाखलेलं..."

"चाखलंय," काकू म्हणाल्या. "म्हणूनच ठेवतेय."

अण्णांनी वाटी घेतली, आणि देवीपुढे ठेवली.

आता मंडळी, आपल्याकडे वळू. आपण चांगली माणसं. कुणाला दुखवत नाही. भाच्यानं दुकान काढलं, चालणार नाही हे दिसतंय — 'छान!' शेजाऱ्यानं मुलीसाठी स्थळ बघितलं, त्यात खोट आहे हे ठाऊक — 'छान!' पेला पालथा घालतो आणि अमृत म्हणतो. मागे रांग उभी आहे, हे विसरतो. आणि ज्यांच्या हातात पळी आहे, त्यांनी सांगावं — आपण दुसऱ्याला वाढतो ते स्वतः शेवटचं कधी चाखलं?

मलाही सोडू नका. मघापासून तुम्ही माना डोलावताय. गोड लागतंय म्हणून, की प्रसाद म्हणून — मला कळायला मार्ग नाही. उद्या पायरीवर भेटलात तर 'छान झालं, बुवा' म्हणू नका. कुठे कडू लागलं, तेवढं सांगा. लाजू नका. लाजण्याचं काम मी चांगलं करतो.