तुम्ही दिलेला की माझा?

—नाही हो मनस्वीची आई, चूक-बिक काही नाही, प्रगती कार्डावर ‘चिकित्सक विचार’ ह्याच्यापुढे ‘मदतीची गरज’ मीच लिहिलंय, ह्याच हाताने. बसा. घोकंपट्टी बंद म्हणे! आता क्षमता! मुलांनी स्वतःचे प्रश्न विचारायचे—दिल्लीहून आलंय तसं—आणि हे शिकवायचं कोणी? आम्ही, ज्यांनी जन्मात मास्तरांना उलट विचारलं नाही. दोन दिवसांचं ट्रेनिंग, त्यातला अर्धा दिवस फोटो काढण्यात गेला.

मग नमुना पाठ ठरला. शिक्षण खात्याचे साहेब बघायला येणार, पाठाचा विषय आपली घणसोलीची खाडी. मी काय केलं? चाळीस मुलांना चाळीस प्रश्न लिहून दिले, पाठ करून घेतले, तीन वेळा तालीम—अहो बघताय काय अशा, सगळेच करतात! बावीस वर्षं फळ्यापुढे उभी आहे मी. बाकीच्या शिक्षकांना हे शिकवायला प्रशिक्षक म्हणून एकीला घेणार होते आणि माझंच नाव पुढे होतं. सहा प्रश्न कसे फटाफट झाले. सातवी तुमची लेक. उठली आणि साहेबांच्या देखत मलाच विचारते—‘बाई, तुम्ही दिलेला विचारू की माझा?’

पोरं फिदीफिदी हसली. साहेबांनी वहीत काहीतरी खरडलं आणि चहा न घेताच गेले. संपलं! प्रशिक्षक कोण झाली? सानपाड्याची नमिता, जी माझ्या पाठांची टाचणं उतरवून नेते. तरी मी तुमच्या पोरीला एका शब्दाने बोलले नाही हां. फक्त हे कार्ड भरताना—आला राग, लिहिलं. झालं समाधान?

काय? घरीही काही विचारत नाही? आधी भाजीवालीलासुद्धा सोडायची नाही... हो, वर्गातही गप्पच असते. आपणहून मागच्या बाकावर गेली. हे बघा, ‘माझ्याविषयी मी’, हा रकाना मुलंच भरतात. ‘मी आता शहाणी झाले. मी प्रश्न विचारत नाही.’ शुद्धलेखनाची एक चूक नाही बघा.

काय म्हणालात? तिचा स्वतःचा प्रश्न कोणता होता?

तो... मी ‘खाली बस’ म्हणून ओरडले ना. मग तो कोणी ऐकलाच नाही.

इथे सही करा, पालकांच्या चौकटीत. पेन घ्या हे. आणि जाताना पुढच्यांना आत पाठवा.