रिकामी ढाबळ

सलाईन लावून पडलेल्या शिंपीणबाईंना पडद्यापलीकडचं म्हाताऱ्या नवरा-बायकोचं बोलणं गुंगीत ऐकू येत होतं.

“हे औषध चहासारखं दिसतंय गं.”

“लोह आहे ते. हृदय आधीच थकलेलं, त्यात अंगात लोह कमी. म्हणून एवढी धाप लागते, म्हणाल्या ना डॉक्टर.”

“मग आता गच्चीवर चढेन. माझी कबुतरं बघीन.”

“घाई कशाला? मी रोज सांगतेच की. काल पांढरी नुसत्या गिरक्या घेत होती.”

“ती केव्हाच उडून गेलीत. त्यांचं घुमणं थांबलं, तेव्हाच कळलं.”

“अगंबाई! मग गप्प का राहिलात?”

“तू सांगायला लागलीस, की मी डोळे मिटायचो, आणि ती उडायची.”

“मग वर कशाला यायचंय?”

“रिकाम्या ढाबळीपाशी रोज एकटी बसून तू काय बघतेस, ते बघायला.”