पाठवणीवरच्या पाकळ्या

आमचे हे लग्नांचं व्हिडिओ शूटिंग करायचे ना, तेव्हाची गोष्ट सांगते. कॅसेटमध्ये गुलाबाच्या पाकळ्यांचा पाऊस पाडावा तर ह्यांनीच, असं नाशकात म्हणायचे. पण एकदा त्या पाकळ्याच नडल्या.

नामपूरच्या एका लग्नात पाठवणीच्या वेळी मुलीचे वडील मांडवामागे जाऊन ढसाढसा रडले, आणि ते कॅमेऱ्यात आलं. पुढच्याच आठवड्यात ते स्वतः आमच्याकडे आले. "भाऊ, तेवढं माझं रडणं झाका. लोक लय हसतील." ह्यांनी मिक्सिंग करताना त्यांच्यावर पाकळ्या टाकल्या आणि मूळ कॅसेटवर नेहमीसारखं पुढचं लग्न घेतलं.

दोन वर्षांनी ती मुलगी आली. वडील नुकतेच गेले होते. म्हणाली, "मी माझ्या पसंतीनं लग्न केलं, म्हणून बाबा निरोपालाही आले नाहीत, असंच मी धरून चालले होते. आता आई सांगते, मांडवामागे रडत होते, आणि ते रडणं त्यांनीच कॅसेटमध्ये पाकळ्यांखाली झाकून घेतलं. काका, त्या पाकळ्या काढून दाखवा ना."

पाकळ्या निघण्यासारख्या नव्हत्याच; मूळ शूटिंग पुढच्या लग्नाखाली कधीच पुसलं गेलं होतं. हे खाली मान घालून म्हणाले, "पोरी, मी पाहिलंय ना. फार रडले गं ते."

"तुम्ही पाहिलंत, काका," ती म्हणाली. "मला पाहायचं होतं."