मागचे पुढे सरका

नाही हो, नेट गेलेलं नाहीये — गेलं असतं तर हा ट्रक असा धूर सोडत उभा राहिला असता का पडद्यावर? ते मी आपलं फोनवर सांगितलं, नेट नाही म्हटल्याशिवाय तुमच्या ऑफिसातून माणूस हलत नाही म्हणून. रागावलात? रागावू नका, बसा. ती शिडी राहू द्या दाराशी, कोणी नेत नाही, या जिन्यानं माझ्याशिवाय वर येतं कोण? आणि हा नवा हेडफोन जोडून दिलात ते फार बरं केलंत, मला ती वायर मागे कुठे खुपसायची तेच कळेना, सकाळपासून टेबलाखाली वाकतेय आणि गुडघा धरून वर येतेय. हिरवा दिवा लागलाय म्हणजे वीज पोचली ना त्याला? — झालं तर. आता खरं काम सांगते. तुम्ही यात एक वाक्य बोलायचंय. एकच. ‘मागचे पुढे सरका, सगळे चढले का?’ — एवढं म्हणायचं, थोडं खोकायचं आणि चहा पिऊन जायचं. आवाज चांगला आहे तुमचा. जरा कोवळा आहे, पण खोकल्यात खपून जाईल.

कोणाचं म्हणजे? आमच्या ह्यांचं वाक्य ते. जन्मभर बसमध्ये कंडक्टर होते — तो कपाटावरचा फोटो बघा, खांद्याला पिशवी आहे तो. निवृत्त झाले तेव्हा लेकीनं हा कॉम्प्युटर घेऊन दिला, म्हणाली, बाबा, दिवस जात नाही म्हणता ना, घ्या. आणि हे त्या खेळात शिरले ते शिरलेच. खेळ काय, तर पाच जणांनी मिळून एका ओसाड शहरात सामान शोधायचं, मागून विषारी धुकं येत असतं, ते पोचायच्या आत सगळ्यांनी या ट्रकमध्ये चढायचं आणि सुटायचं. राहिला तो मेला. ट्रक चालवायचे हे, आणि निघताना माइकमध्ये ओरडायचे — मागचे पुढे सरका, सगळे चढले का? शेवटचा माणूस चढल्याशिवाय गाडी हलवायची नाही, मग धुकं नाकातोंडात जाऊ दे. त्यापायी कितीदा सगळ्यांना घेऊन मेले! — त्यांनाच बोलवू? कुठून बोलवू हो? गेले ते. गेल्या थंडीत. साधा खोकला म्हणून दवाखान्यात नेलं आणि त्यांचे कपडे पिशवीत घालून मी एकटी परत आले. पण या खेळातल्या चौघांना ते माहीत नाही. त्यांना वाटतं, काका आहेत, काका रोज येतात, काका ट्रक चालवतात. तो ट्रक मी चालवते.

असे बघू नका, वेड लागलेलं नाहीये मला. झालं असं — नातेवाईक आले नि गेले, लेकही परत गेली, तिलाही नोकरी आहे, किती दिवस राहील? जाताना म्हणाली, आई, ते खोकं विकून टाक, चालतंय का बघ आधी. म्हणून मी बटण दाबलं. तर खेळ आपोआप उघडला, आणि टेबलावरच्या जुन्या हेडफोनमधून बारीक आवाज — काका? काका, आहात का? इतके दिवस कुठे होतात? म्हटलं, हे आधी बंद करावं. बंद करायला गेले आणि ट्रक सुरू झाला! आणि ते चौघं असे ओरडले हो आनंदानं, काका आले, काका आले — माझ्या येण्यानं जन्मात कोणी एवढं ओरडलेलं नाही. मी ट्रक नेऊन घातला झाडावर. सगळे मेले. कोणी म्हणून रागावलं नाही. मग मी एका बोटानं लिहिलं, ‘माइक बिघडला आहे.’ झालं! तेव्हापासून रोज संध्याकाळी मी काका.

काय? — थांबा, आधी पुरतं ऐका, मधे बोललं की माझी लिंक तुटते. तुम्हाला माणसं तरी कळायला हवीत ना, कोणी काही विचारलं तर? हा जो सगळ्यांच्या पुढे उभा आहे, पिसारा लावलेला, तो सेनापती. नावं सगळी ह्यांनीच ठेवलेली हं. सेनापती म्हणजे उंटावरून शेळ्या हाकणारा — तू डावीकडे जा, तू उजवीकडे जा, मी सांगेन तेव्हाच पुढे यायचं — आणि सगळ्यात आधी मरतो कोण? सेनापती. मेल्यावरही हुकूम चालूच. आणि मधेच घरातून बायकोची हाक येते, की लगेच ‘हो हो, आलो, आलो, उचलतो’ — तो आवाज ऐकाल तर ओळखू येणार नाही तुम्हाला. आम्हाला सगळं ऐकू येतं, त्याला वाटतं आम्हाला कळत नाही.

तो मागचा, पाठीवर डोंगर घेतलेला, तो भंगारवाला. रस्त्यात जे दिसेल ते उचलणार. औषधाच्या पेट्या, दोरखंड, कंदील, एकदा तर कोणाच्या तरी दाराची कडी काढून घेतली त्यानं, दार तिथेच ठेवून! कोणाला काही देईल तर शपथ. समोर माणूस रक्तबंबाळ पडलाय, सगळे ओरडतायत, अरे, एक पेटी दे — तर हा म्हणतो, पुढे लागेल. आणि शेवटी पाठीवर सगळ्या पेट्या घेऊन स्वतःच मरतो, एकही न उघडता. हे म्हणायचे, याच्या घरी रिकाम्या बरण्या किती असतील त्या मोजायला जायला पाहिजे एकदा. मी हसायचे नाही तेव्हा, कारण आमच्याकडे रिकाम्या बरण्या मीच साठवते.

आणि हा नेटवर्क. तुमच्या खात्यावर सगळ्यात जास्त पाप यानंच टाकलंय बघा. नाचता येईना अंगण वाकडं! खड्ड्यात पडला — नेट गेलं. भिंतीवर आपटला — नेट गेलं. आपल्याच माणसाला गोळी घातली — नेट अडकलं होतं हो, मी सोडली तेव्हा तिथे दुसराच होता. अरे, नेट गेलं तर तुझी ही कारणं आमच्यापर्यंत कशी पोचतात? हे विचारायचे त्याला तसं, की मग जरा गप्प बसायचा, आणि मग म्हणायचा, आत्ता आलं.

आणि ती बाई दिसते ना, कुऱ्हाडवाली? ती सिस्टर. खरीखुरी नर्स आहे. सगळ्यांना वाटलं होतं, चला, आपल्याला कोणी तरी पट्ट्या बांधणारं मिळालं. तर ही पहिल्याच दिवशी म्हणाली, मी दिवसभर तेच करते, इथे मी कोणाला बरं करणार नाही, इथे मी फक्त मारणार. आणि जी सुटते कुऱ्हाड घेऊन! मला ती फार आवडते. आणि मी? मी आपली झाडावर घालणारी. काकांचं वय झालं, म्हणतात. घेतात सांभाळून.

अजून खेळ सुरू व्हायचाय म्हणून उभे आहेत असे. एरवी या वेळेला हा डबा नुसता कलकलत असतो, कान किटतात, आज गप्प आहेत सगळे. बरंय. — ऐकू? त्यांना कसं ऐकू जाईल? ते बटण दाबून धरल्याशिवाय आवाज जात नाही पलीकडे, जुन्या हेडफोनला तसंच होतं, हे कायम डाव्या हाताचं बोट ठेवून बसायचे त्यावर. मी कुठे हात लावलाय? तुम्ही बोलायला लागाल तेव्हा दाबेन मी.

हं, तर घोळ असा झाला, की यांनी चौघांनी मिळून हा नवा हेडफोन पाठवला. पत्ता विचारून घेऊन, पार्सलनं. काकांचा माइक बिघडलाय ना, मग काकांसाठी. आणि काल म्हणतात कसे, उद्या ‘मागचे पुढे सरका’ ऐकल्याशिवाय कोणी ट्रकमध्ये चढणार नाही. संप! आता काय करू सांगा. बोलले तर कळणार. नाही बोलले तर म्हणतील, म्हातारा शिष्ट आहे, एवढं पाठवलं तरी बोलत नाही. लेकीला सांगायची सोय नाही, ती म्हणेल, आई, तू डॉक्टरांकडे चल. खाली किराणावाल्याचा आवाज चांगला जाड आहे, पण तो सगळ्या गल्लीला सांगेल. मग म्हटलं, नेटवाला बोलवावा. अनोळखी माणूस, येईल, बोलेल, जाईल.

कळू दे की काय? — हे बरं आहे तुमचं! कळलं तर ते जातील ना. वाईट माणसं नाहीत, दोन दिवस हळहळतील, आणि मग दुसरा कोणी ट्रकवाला शोधतील. ते काकांसाठी येतात, माझ्यासाठी थोडेच? खरं सांगू का, हे खेळायला बसायचे ना, तेव्हा मी त्या आतल्या ओट्याशी उभी राहून जळायचे. घरात बोलायचे म्हणजे काय, मीठ कमी आहे, दिवा बंद कर, किल्ली कुठे आहे. आणि या डब्यासमोर बसले की हसायचे, गोष्टी सांगायचे. मला वाटायचं, चांगलं बोलणं सगळं या लोकांना, मला नुसती सुट्टी नाणी. आणि मग — मी खेळायला लागल्यावर थोड्याच दिवसांत — सिस्टर मला विचारते, काका, काकूंचे गुडघे कसे आहेत? तो शेक दिला का त्यांना? म्हणजे हे माझ्याबद्दल बोलायचे! सेनापती म्हणतो, काकूंना परत सिनेमाला नेलंत का, की त्या दिवसासारखं आयत्या वेळी कंटाळा केलात? त्यांना आमचं भांडण माहीत, माझी पाठ माहीत, मला लाल रंग आवडतो ते माहीत. मला नव्हतं माहीत, की ह्यांना ते माहीत आहे. मी आपलं एका बोटानं लिहिलं, ‘काकू बरी आहे.’ रोज लिहिते. माझी चौकशी करणारी या जगात ही चारच माणसं उरलीत, आणि तीही ह्यांना विचारतात.

एकटं वाटतं हो. सरळच सांगते. दुपारपर्यंत जातं कसंबसं, कपडे, भांडी, जिना झाडायचा. मग संध्याकाळ झाली की मी तोंड धुऊन, केस विंचरून इथे येऊन बसते, तिकडून कोणाला दिसत नाही तरी. एवढा एक तास माझ्याकडे कोणी तरी येतं. तो गेला तर मग काय, फ्रिजशी बोलू?

म्हणून म्हणते, एक वाक्य. बोला ना. असे हात काय करताय? — काय दाखवताय तिकडे? — अगंबाई, हे बघा, हा भंगारवाला काय करतोय? पाठीवरचं खाली ठेवतोय. ट्रकपुढे. पेटी ठेवली… आणखी एक… कंदील… सगळं काढून ठेवतोय हा. असं कधी करत नाही तो. याला झालंय काय? आणि सेनापतीनं पिसारा का उतरवला? सिस्टरची कुऱ्हाड कुठे गेली? चौघंही इकडेच तोंड करून उभे आहेत. मी अजून काही लिहिलेलं नाही. कोणी काही बोलत पण —

काय म्हणालात?

दिवा. म्हणजे हिरवा दिवा… वीज आल्याचा नाही तो? — पण मी बटण दाबलं नव्हतं. याला नाही लागत? माइक आपोआप चालू असतो? कधीपासून? तुम्ही जोडलात तेव्हापासून? मग सांगायचं नाही का हो! — हो, सांगत होतात. मीच बोलू दिलं नाही तुम्हाला. अरे देवा. बरण्यांचं पण गेलं. सेनापतीच्या बायकोचं पण गेलं.

द्या इकडे. नाही, तुम्ही नका बोलू आता. द्या तो कानाला… हॅलो? आहात का? … मी. काकू. … हो. … गेल्या थंडीत. … नाही रे, त्यांना कुठे त्रास झाला, झोपेतच. … हो, झाडावर मीच, ते नव्हते. … नको रडूस गं, दिवसभर तेच बघतेस ना तू? … नेट गेलं होतं? तुझं? नेमकं आत्ता? … बरं बाबा, गेलं असेल. डोळे पूस. … काय? मी म्हणू? … मला नाही येत त्यांच्यासारखं. … बरं. चढा मग. चढा. मागचे पुढे सरका. सरका पुढे. सगळे चढले का?

अहो, तुम्ही अजून दारातच? जा ना. चहाचं राहिलं, पुढच्या वेळी या, नेट खरंच गेलं की. आमचा एक माणूस चढायचा राहिलाय, पण तो काही आता यायचा नाही. शिडी सांभाळून न्या, आणि दार ओढून घ्या.