जन्मस्थान खाडीपलीकडे

इसाकभाईंनी सौदीत, जुबैलमध्ये सांगितलं, तसंच उतरवलेलं

आमचं गाव श्रीवर्धनच्या बाजूला, खाडीच्या अलीकडे. आईचं माहेर पलीकडे. मी पहिलाच, म्हणून आई रीतीप्रमाणे माहेरी गेली, आणि चाळीस दिवसांचा झालो तवा होडीत घालून मला अलीकडे आणला. बाप खलाशी, घरात खाणारी तोंडं लय, त्यामुळं मला खेळ एकच, ओहोटीच्या वाळूत अनवाणी फुटबॉल. दोन गावांची मॅच म्हणजे काय सांगू तुमाला, माजेच मामा मला शिव्या घालायचे आणि रात्री जेवायला पण तेच बोलवायचे.

पोलिसात घेतला तो या पायांमुळं. भरतीच्या मैदानावर सायबांनी विचारलं, काय येतं, मी म्हणलं फुटबॉल. जिल्ह्याच्या टीममध्ये स्टॉपर खेळलो, मागं उभा राहायचं आणि कुणाला पुढं जाऊ द्यायचं नाय, ड्युटीसारखंच. खेळाचा एक पैसा कधी घेतला नाय. बंदोबस्तावरून सुटलो की बूट बदलायचे आणि मैदानात. हवालदार झालो, शेवटची सात वर्षं पासपोर्टच्या चौकशीचं काम होतं, घरोघर जायचं, माणूस कोण, कुठला, कागद काय म्हणतो ते बघायचं. कागद खरा, माणूस बोलतो ते मागाहून, ही सवयच लागली बघा.

रिटायर झालो आणि घरात बसवेना. माजी मुलगी शबाना इथंच, जुबैलला, जावई इम्रान प्लँटमध्ये शिफ्टला. इम्रान आमच्याच गावचा, आमच्या आळीतला. त्यानंच खटपट करून मला एका कंपनीच्या कामगारांच्या कॅम्पच्या गेटवर लावला. बायको गावीच, मी राहतो कॅम्पात, जुम्म्याला, शुक्रवारच्या सुट्टीला, जेवायला शबानाकडे.

इथं दर हिवाळ्यात आमच्या कोकणातल्या गावांच्या टुर्नामेंटी होतात. दम्माम, रियाध, कुठून कुठून माणसं येतात, टीम गावाची, खेळणारा गावचाच पायजे. पण एका गावानं केरळचा पोरगा आणला आणि म्हणे आमचा भाचा. मारामारी झाली. मग जमातीची, म्हंजे गावोगावच्या पंचमंडळींची, माणसं माज्याकडे आली, इसाकभाई, तुमी पोलिसात होतात, तुमीच तपासा. मला बरं वाटलं, खोटं कशाला बोलू. मी म्हणलं पत्ता नाय बघायचा, पत्ते सगळ्यांचे मुंब्र्याचे, पनवेलचे. पासपोर्टावर जन्मस्थान बघायचं. गावाचं नाव नायतर तालुक्याच्या गावाचं, दवाखाना तिथं म्हणून, तिसरं काय चालणार नाय. कायदा मीच केला, ऐका.

पहिल्या मॅचेसना इम्रान नव्हता, शिफ्ट. फायनललाच त्याला सुट्टी मिळाली, आणि फायनल कुणाशी, तर खाडीपलीकडच्यांशी. इम्रान आमचा गोलकीपर, त्याच्यासारखा हात पुऱ्या कोकणात नाय. त्यानं मोबाईलवर पासपोर्टाचा फोटो दाखवला. जन्मस्थान, खाडीपलीकडचं गाव. त्याची आई पण तिकडचीच, आणि हा तिचा पहिलाच. पलीकडचा कॅप्टन माज्या खांद्यावरून बघत होता, तो नुसता हसला. मला वाटलं, आता सोडला तर म्हणतील सासऱ्यानं जावयाला सोडला. मी म्हणलं, इम्रान, तुला खेळता येणार नाय.

मला, सासऱ्याला, तो मामूच म्हणतो; म्हणाला, मामू, मी कुठला हाय ते तुमाला ठावं नाय? एवढंच. ग्लोव्हज काढले आणि गाडीत जाऊन बसला. आमी चार गोलांनी हरलो.

त्यानंतर तीन जुमे तो माज्याशी बोलला नाय. ताटात वाढायचा, पाणी द्यायचा, पण तोंड बंद. शबानाला सहावा महिना, ती दोघांच्या मधी बसून रडवेली. मी आपला म्हणतोय, कायदा म्हणजे कायदा. मला आत कळत होतं, लेकीचं घर माज्यामुळं गप्प झालंय, पण मागं येववेना.

चौथ्या जुम्म्याला शबानानं विचारलं, अब्बा, मी बाळंतपणाला अम्मीकडे जाणार. तुमच्या आईनं तुमाला कुठं जन्माला घातलं?

मी म्हणलं, माज्या आजोळी, पलीकडे. आणि घास हातातच राहिला. खिशातून मोबाईल काढला, माजाच पासपोर्ट बघितला. जन्मस्थान, खाडीपलीकडचं तेच गाव. उभा जन्म मी त्यांच्याविरुद्ध खेळलो आणि माज्याच कायद्यानं मी त्यांचा माणूस. पुऱ्या तालुक्याचे पासपोर्ट तपासले, आपलं पान कधी वाचलं नाय. मी मोबाईल इम्रानच्या ताटाजवळ ठेवला आणि म्हणलं, चुकलो, बाबा. जावयासमोर असं बोलायला मला जड गेलं, पण बोललो.

त्यानं वाचलं. मग माज्या ताटात माशाचा मोठा तुकडा वाढला.

जमातीपुढं पण मी पासपोर्ट दाखवला, तिथं लय हसले. आता पासपोर्ट नाय, गावच्या जमातीच्या वहीत बापाचं नाव बघतात. शबाना गावी जाऊन आली, नात झाली, आठ महिन्यांची हाय. माजा गुडघा गेला, गेटवरची नोकरी पण या वर्षी खलास होईल, मग मी परत जाईन, त्याचं काय नाय. मी अजून मैदानावर खुर्ची टाकून बसतो. मॅचच्या आधी इम्रान ग्लोव्हज घालत येतो, माज्यापुढं उभा राहतो आणि म्हणतो, हवालदार, तपासून घ्या. मी त्याच्या तोंडाकडं बघतो, कागद मागत नाय. म्हणतो, आमचाच हायस, जा खेळ, अल्ला तुला सलामत ठेवो.