व्याही उठून गेले

...नाही, पण मी म्हणतो, जायचंच होतं तर शनिवारी जा, सोमवारी जा, मंगळवारी दुपारी मी झोपलेला असताना जा, मी कोणाला विचारायला आलो होतो का? पण नाही! नेट गेलं ते रविवारी संध्याकाळी, माझी गाडी शेवटच्या वळणावर असताना आणि मागून व्याही येत असताना! म्हणजे व्याही काही आमच्या दाराशी येत नव्हते, टीव्हीत येत होते... थांबा, असं मधूनच सांगितलं तर तुम्हाला कळायचं नाही आणि मला चैन पडायचं नाही.

तर आमची एकुलती एक लेक सृष्टी, ती दिली सटाण्याला. सासर सटाण्याचं, राहतात दोघं पुण्यात. व्याही पुंजारामअण्णा, कांद्याचे व्यापारी. माणूस देवासारखा, म्हणजे बोलतो कमी आणि मनात काय आहे ते कळू देत नाही. आता आमच्या जावईबापूंनी, हर्षलरावांनी, काय केलं? कॉलेजात असताना घेतलेला गेमचा एक जुना डबा होता त्यांच्याकडे, टीव्हीला जोडायचा, हातात ते दोन दांड्यांचं रिमोट धरायचं आणि गाड्या पळवायच्या, तो दिला आम्हाला, आणि तसलाच दुसरा जुन्या बाजारातून शोधून दिला आपल्या वडिलांना. का? तर म्हणे, "दर रविवारी दोघं ऑनलाइन खेळा बाबा, तेवढंच येणंजाणं राहील!" अहो, मी उभा जन्म पाटबंधारे खात्यात कारकुनी केली, तिथे खात्याची जीप बाहेरूनसुद्धा धुतली नाही, आणि रिटायर झाल्यावर शर्यतीची गाडी!

बरं, नुसतं खेळायचं असतं तर खेळलो असतो. पहिल्याच रविवारी आमची ही कानाशी येऊन म्हणाली, "अहो, ते मुलाकडचे आहेत. जिंकून ठेवाल काहीतरी!" झालं! म्हणजे खेळायचं, पण हरायला. आणि तुम्हाला सांगतो, हरणं सोपं वाटतं ज्यांना, त्यांनी एकदा व्याह्यांशी हरून बघावं. फार मागे राहिलात तर मुद्दाम केल्यासारखं दिसतं, फार जवळ राहिलात तर चुकून जिंकायची भीती. अगदी बेताने हरावं लागतं, आहेराच्या साडीसारखं... भारीही वाटायला नको आणि हलकंही!

तर त्या रविवारी मी डाव असा सुंदर हरत आणला होता! शेवटचं वळण, मी ब्रेक दाबून बसलेलो, अण्णा मागून येताहेत, आता पुढे जातील, मी "वा अण्णा, वा!" म्हणेन आणि जेवायला उठेन... आणि गाडी थांबली. रस्ता थांबला. अण्णा थांबले. टीव्हीवर नुसतं एक गोल चाक फिरायला लागलं, गिरणीच्या पट्ट्यासारखं, पीठ काही पडेना!

त्याचं झालं असं, की सकाळीच नवीन नेट बसवलं होतं. जुनं कनेक्शन संध्याकाळी कापतो म्हणाले होते, आणि कोणीतरी सांगितल्या वेळेला काम केल्याचं हे माझ्या आयुष्यातलं पहिलं उदाहरण! हिचा फोन, माझा फोन सकाळीच नव्यावर गेले होते. डबा बिचारा जुन्यावर राहिला होता, तो गेला. म्हणजे काय? बाकी सगळ्यांचं चालतंय!

आणि तिकडे सटाण्यात अण्णांच्या टीव्हीवर काय उमटलं असेल? मी नंतर लेकीकडून अर्थ विचारून घेतला. "समोरचा खेळाडू खेळ सोडून निघून गेला." निघून गेला! नेट गेलं आणि माणूस गेला यातला फरक त्या डब्याला कळू नये? आपल्याकडे व्याही निघून जातो म्हणजे काय हो? मांडवातून जातो, पंगतीत भरल्या पानावरून उठतो, आणि मग पुढच्या दोन पिढ्या ती गोष्ट बारशाला नि तेराव्याला सांगत बसतात... 'व्याही उठून गेले!' आणि तेही कधी? तर हरायला आले तेव्हा!

मी लगेच फोन लावला. म्हटलं, "अण्णा, माफ करा, नेट गेलं हो."

तिकडून शांतपणे, "आसं व्हय? पन वहिनींनी तर आत्ताच स्टेटस टाकलं. भरल्या वांग्याचं."

घात केला त्या वांग्याने! म्हटलं, "नाही, म्हणजे फोनचं चालतंय, बाकी सगळ्यांचं चालतंय, माझंच तेवढं..."

"ऱ्हाऊ द्या ना व्याही. रागबिग काही नही शे."

मी राग विचारला होता? न विचारता माणूस राग नाही म्हणतो तेव्हा समजावं. वर सृष्टीच्या डोहाळजेवणाचं काढलं, ते सटाण्याला करायचं ठरलंय, म्हटलं तारखेचं काय झालं, तर म्हणाले, "कळवतो." कळवतो! अहो, ज्या ऑफिसात माझी हयात गेली, तिथे 'कळवतो' या एका शब्दावर धडधाकट माणसं म्हातारी झालेली मी पाहिलीत!

हिने सगळं ऐकलं आणि कमरेवर हात. "लेकीला सातवा लागला, आणि तुम्ही व्याह्यांना सोडून उठलात!"

"मी उठलो नाही, नेट उठलं!"

"माझं तर चालतंय."

तेव्हा ठरलं, की पुढच्या रविवारी काय वाटेल ते होवो, आपण त्या टीव्हीत हजर राहायचं, हात जोडून हरायचं, आणि हा डाग पुसायचा. नाहीतर मुलीच्या डोहाळजेवणाला कोपऱ्यातल्या खुर्चीवर बसून मठ्ठा प्यायचा.

मग बसलो डबा घेऊन. शोध म्हटलं की तो शोधतो हो, नाही असं नाही. बिल्डिंगमधली सगळी वायफायं दाखवतो... वरच्या मजल्याचं दाखवतो, खालच्या झुंबरबाईंचं दाखवतो, समोरच्या दातांच्या डॉक्टरचं दाखवतो. आणि आमचं स्वतःचं? राउटर हातभर अंतरावर हिरवे डोळे मिचकावत बसलाय, ते तेवढं दिसत नाही! घरचं माणूस न दिसण्याची खोड फक्त माणसांना असते असं मला इतके दिवस वाटायचं. वर एक भला मोठा एरर नंबर देतो. मी ओळखला, हा जावक क्रमांक. एकदा जावक क्रमांक पडला की कोणी काही करत नाही.

कंपनीला फोन केला. गोड आवाजाची बाई. "सर, राउटर बंद करून चालू केलात का?"

"केला. डबा केला. टीव्ही केला. घराचा मेन स्विच केला, तेव्हा फ्रिजही बंद होऊन चालू झाला."

"सर, आपल्या बाकी डिव्हाइसवर नेट चालतंय का?"

"चालतंय."

"आपली तक्रार सोडवता आली याचा आनंद आहे, सर!"

"अहो बाई, सोडवली कुठे?"

"पण सर, बाकी सगळ्यांचं चालतंय ना?"

मग पुण्याहून हर्षलराव व्हिडिओवर. "बाबा, सेटिंगमध्ये जा, मी आकडे सांगतो ते टाका." टाकले. सगळे आठ, मग दोन आठ नि दोन चार. मागाहून कळलं, ते आकडे वायफाय जोडल्यानंतर टाकायचे असतात. म्हणजे स्थळ बघायच्या आधी बारशाचं नाव! इकडे हिने डबा पाटावर ठेवून पाहिला, डाळीच्या डब्यावर ठेवून पाहिला, ओल्या फडक्याने राउटर पुसला, आणि शेवटी माझा डोळा चुकवून डब्यावरून मीठमोहऱ्या उतरवल्या. मला वास आला ना!

शेवटी कंपनीचा रविराज आला. एका कानात वायर, डोकं वाकडं. डबा बघितला नि हसला. "काका, हे तर म्युझियमला द्या! नव्या राउटरचं नेट फास्ट लाइनीतून येतं. याला फक्त जुनी स्लो लाइन कळते. ती नव्यात बंद ठेवलीय."

"मग कर चालू."

"ते वरून बंद हे."

"वरून म्हणजे?"

त्याने बोट वर केलं. मी पाहिलं. पंखा.

"तुम्ही नवीन डबा घ्या ना काका. बघा, बाकी सगळ्यांचं चालतंय."

अरे गृहस्था, बाकी सगळ्यांचं चालतंय म्हणून एका जुन्याने बोलायचंच नाही? आज या डब्याला स्लो म्हणतोस, उद्या माझ्याकडे बघून म्हणशील! चहा मात्र दिला. काम न करणाऱ्याला चहा द्यायची सवय नोकरीतली, सुटत नाही.

असा आला की हो रविवार! दुपार कलली आणि मी अजून डब्याशी झटतोय. तेव्हा ही म्हणाली, "डब्याला झुंबरबाईंचं दिसतं ना? मग जा की मागून आणा."

"वायफाय मागून आणू?"

"मी त्यांच्याकडून विरजण नाही आणत?"

गेलो. वाटी तेवढी नेली नाही. झुंबरबाईंचा फुलांचा धंदा, दारातच झेंडू निवडत बसलेल्या. म्हटलं, "झुंबरबाई, जरा वायफायचा पासवर्ड देता का?"

"आँ? तुमच्याकडं तर परवाच नवं आलंय ना, मोठं?"

"आलंय."

"मग चालत नाय?"

"चालतंय हो, सगळ्यांचं चालतंय..."

"मग आमचं कशापायी?"

शेवटी म्हटलं, "व्याह्यांसाठी पाहिजे."

बाईंच्या हातातलं फूल खाली! "व्याह्यांसाठी हाय व्हय! मग आधी नाय का सांगायचं! झेंडू लिवा, पुढं एक दोन तीन चार. आन कमी पडलं तर परत या. साखर हाय का घरात?"

पण त्यांचं वायफाय नुसतं नावाला दिसायचं सगळीकडे, लागायचं ते फक्त आमच्या मागच्या गॅलरीत. हॉलमध्ये नाही, स्वयंपाकघरात नाही, कॅनॉलच्या शेवटच्या शेतात पाणी यावं तसं गॅलरीच्या टोकाला, वॉशिंग मशीनपाशी. मग काय! आम्ही दोघं म्हातारा-म्हातारी टीव्ही उचलून निघालो, ती म्हणते "तुमच्याकडचं टोक खाली गेलं," मी म्हणतो "माझी कंबर खाली गेली," असं करत टीव्ही बसवला पाण्याच्या पालथ्या पिंपावर. डबा चालू केला, झेंडू एक दोन तीन चार... आणि जोडलं! जुन्या राउटरला जुना डबा कळला हो! हिने तिथल्या तिथे मशीनला नमस्कार केला.

फोन लावून मशीनवर ठेवला. "अण्णा, नमस्कार! आलोय बरं का!"

"या या व्याही," अण्णा म्हणाले. आवाज जरा पडलेलाच.

निघाल्या गाड्या. मी हळू, तर अण्णा हळू. मी आणखी हळू, तर अण्णा माझ्याहून हळू! शेवटची पांढरी रेघ आली, मी थांबलो. बघतो तर शेजारी अण्णाही थांबलेले.

"व्हा ना पुढं, व्याही."

"छे छे, अण्णा, आधी तुम्ही."

"तुमी वयानं मोठे."

"तुम्ही मुलाकडचे!"

आमचं हे चाललंय, आणि मागून, डबा स्वतःच चालवतो त्या साऱ्या गाड्या भुर्र भुर्र करत रेघ ओलांडून गेल्या, एक तर उलटी होऊन गेली! उरलो आम्ही दोघं, दाराशी चप्पल घालून उभ्या असलेल्या पाहुण्यांसारखे.

मग अण्णा खाकरले. "व्याही, एक सांगू? मनाला लावून नका घेऊ. गेल्या रविवारी तुमी उठून गेले ना..."

मी फोन मशीनवरून उचलून कानाला लावला.

"...मी टीव्हीला हात जोडले. म्हटलं, सुटलो बुवा!"

"अं?"

"मला ह्या खेळाचा लय कंटाळा! डोकं गरगरतं. पोरानं हौसेनं दिला, आन तुमचा मान, म्हनून बसतो. त्यात घरातून ताकीद... पोरीचा बाप शे, त्याला हरवू नका! हरता हरता घाम फुटतो मला. त्या दिवशी ब्रेक लागला नाय, तुमच्या मागं लय जोरात आलो, आन तुमी गायब! घरात मलाच बोलनी बसली, 'बघा, रुसून उठले व्याही.' आठवडाभर तोंड वर करून बोललो नाय मी."

"आणि ते कळवतो म्हणालात ते?"

"आवो, गुरुजी नांदगावला गेलेले, त्यान्ला इचारल्याबिगर तारीख कशी सांगू? आता सांगतो ना, पुढल्या गुरुवारी. पन तुमी बुधवारीच मुक्कामाला यायचं. पंगतीत तुमचं पान माझ्या शेजारी!"

काय सांगू तुम्हाला! डोक्यावरून कांद्याची गोणी उतरावी तसं हलकं वाटलं. मी म्हटलं, "अण्णा, मलाही हा खेळ आवडत नाही." आणि दोघं जे हसलो, जे हसलो... खालून झुंबरबाई ओरडल्या, "लागलं का हो व्याह्यांना?"

"लागलं, लागलं!"

मग खेळ बंदच करावा, नाही का? मीही तेच म्हटलं. पण पोरांना काय सांगणार? सृष्टीच्या फोनवर दिसतं म्हणे, दोन्ही बाबांच्या नावापुढे हिरवा ठिपका. तो लागला की ती आईला फोन करते, "दोघं कसे रमलेत गं!" सातवा महिना तिचा, आता कुठे मन मोडता? म्हणून आमचं असं ठरलंय, की रविवारी दोघांनी डबे लावायचे, गाड्या सुरुवातीच्या रेघेवर आणायच्या, आणि तिथेच उभ्या ठेवून फोनवर बोलत बसायचं. कांद्याचा भाव, अण्णांचे गुडघे, माझी शुगर. मी मशीनशेजारी प्लास्टिकच्या खुर्चीत, पाय पिंपावर. अहो, लग्न ठरवतानासुद्धा इतकं बोललो नव्हतो आम्ही! अधूनमधून एक बटण दाबायचं तेवढं, नाहीतर डबा झोपतो आणि ठिपका विझतो.

परवा तोच विझला! झुंबरबाईंनी वीज वाचवायला राउटर बंद केला होता. मी तसाच गंजिफ्रॉकवर जिना उतरून धावलो, एक चप्पल माझी नि एक हिची. आमच्या नव्या नेटवर अख्खी बिल्डिंग खेळेल म्हणतो रविराज... खेळू दे बापडी. आम्हाला न खेळायला नेट लागतं, आणि ते मात्र खालूनच मागून आणावं लागतं!